मॉली पिचरच्या गोष्टीतलं खरं किती, हे कसं तपासायचं

अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धातली मॉली पिचर म्हटलं की ठरलेली गोष्ट ऐकायला मिळते, मॉनमथच्या लढाईत ती सैनिकांना पाणी देत होती, नवरा तोफेपाशी कोसळला, ही त्याच्या जागी उभी राहिली आणि खुद्द सरसेनापती जॉर्ज वॉशिंग्टनने तिला सार्जंट केलं. आता हे सगळं खरं की खोटं असं एकदम विचारू नका, काही हाती लागत नाही. आधी तुकडे करा: पाणी, नवरा, तोफ, वॉशिंग्टन, नाव. प्रत्येक वेगळा तपासायचा.

मग बघा, हे पहिल्यांदा कोणी लिहिलं, तो तिथे होता का आणि किती वर्षांनी लिहिलं. लढाई 28 जून 1778 ची. जोसेफ प्लम्ब मार्टिन हा सैनिक त्या लढाईत होता, त्याच्या 1830 च्या आठवणींत नवऱ्यासोबत तोफेवर राबणारी एक बाई आहे, शत्रूचा गोळा तिच्या पायांमधून गेला नि परकर फाटला म्हणतो. पण तो तिचं नाव देत नाही, नवरा पडला असंही लिहीत नाही. शिवाय मधे 52 वर्षं गेलीत, तेव्हा जपून वापरा.

माझा जास्त भरवसा पैशाच्या कागदांवर, म्हणजे हजेरीपट, पेन्शन वगैरे, कारण ते कुणाची वाहवा करायला लिहिलेले नसतात. 1822 मधे पेनसिल्व्हेनिया राज्याने कार्लाइल गावच्या मेरी हेजला, जिला बरेच जण मॉली पिचर मानतात, दुसऱ्या लग्नानंतरची मॅककॉली, वर्षाला 40 डॉलर मंजूर केले, आणि तेही विधवा म्हणून नाही, तिच्या स्वतःच्या युद्धातल्या सेवेबद्दल! केवढी मोठी गोष्ट आहे ही. फक्त सेवा नेमकी कोणती ते त्यात नाही, म्हणून तोफ त्यात घुसडू नका. तिचा तोफखान्यातला नवरा विल्यम तर युद्धानंतरही जिवंत होता.

मग मेलेला नवरा आला कुठून? इथे शेजारच्या गोष्टी बघायच्या. नोव्हेंबर 1776 मधे फोर्ट वॉशिंग्टन या किल्ल्यावर मार्गारेट कॉर्बिनचा नवरा तोफेवर मारला गेला, तिने तोफ सांभाळली, जबर जखमी झाली, 1779 मधे अमेरिकेच्या काँग्रेसने, म्हणजे तिथल्या प्रतिनिधींच्या सभेने, तिला सैनिकाचा निम्मा पगार दिला. दोघींची सरमिसळ झाली असणार असं मला ठामपणे वाटतं.

वॉशिंग्टनच्या भेटीला त्या काळातला कागदच नाही, ती सरळ दंतकथेत टाका. ‘मॉली पिचर’ हे नावही छापील गोष्टींत नंतरच्या पिढ्यांनी रुजवलं.

लिहिताना मग असं लिहा: मॉनमथला तोफेवर एक बाई होती, ती बहुधा मेरी हेज. आणि नवऱ्याच्या मरणाचा भाग कॉर्बिनच्या नावाने, तिच्या तारखेसकट लिहा.