नाणेघाट ते लेण्याद्री : जुन्या व्यापारी वाटेने स्वतःच आखलेला एक दिवस

जुन्नरची सहल म्हटली की बहुतेकांच्या यादीत शिवनेरी, लेण्याद्री, ओझर आणि वेळ उरलाच तर नाणेघाट असा क्रम असतो. हा क्रम सोयीचा वाटला तरी त्यात जुन्नर कळत नाही. या परिसरातील लेणी, टाकी, मंदिरे आणि घाटमाथ्यावरची गावे एका रस्त्यामुळे उभी राहिली. कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरांत उतरलेला माल सह्याद्री चढून जुन्नरमार्गे पैठणकडे नेणारा हा रस्ता होता. म्हणून सहल आखताना त्या रस्त्याचीच दिशा धरावी, म्हणजे सकाळी घाटाच्या तोंडाशी पोहोचावे आणि दिवसभर माल आला तसे जुन्नरकडे उतरत यावे. पुढील मार्गदर्शन स्वतःच्या वाहनाने, वाटाड्या न घेता जाणाऱ्या तीन-चार जणांसाठी आहे.

शिवनेरी या दिवसातून वगळावा, हे आधीच सांगून ठेवतो. किल्ला नीट पाहायचा तर अर्धा दिवस लागतो, आणि सात दरवाजे चढून शिवजन्मस्थानाशी पोहोचल्यावर घड्याळाकडे पाहत उभे राहणे बरे नव्हे. त्यासाठी वेगळा दिवस काढावा.

पुण्याहून नारायणगावमार्गे जुन्नर सुमारे ९५ किलोमीटर आहे आणि तेथून नाणेघाट आणखी तीसेक किलोमीटर. मुंबईकरांना कल्याण, मुरबाड आणि माळशेज घाटाचा रस्ता जवळचा पडतो. कोणत्याही बाजूने आलात तरी आदल्या रात्री जुन्नरला मुक्काम करणे उत्तम. ते जमत नसेल तर पुण्यातून पहाटे साडेचारला निघावे. इंधन जुन्नरमध्येच भरून घ्यावे, कारण पुढे पश्चिमेला वस्ती विरळ होत जाते. मोबाईलची रेंजही घाटमाथ्यावर भरवशाची नाही, त्यामुळे नकाशा आधीच उतरवून घ्यावा. सोबत प्रत्येकी दोन लिटर पाणी, चांगली पकड असलेले बूट, थोडी सुटी रोकड आणि एक विजेरी असावी. विजेरी अंधारासाठी नाही. ती कशासाठी, ते पुढे येईलच.

ऋतूची निवड काळजीपूर्वक करावी. पावसाळ्यात नाणेघाटाचा उलटा धबधबा पाहायला झुंबड उडते. कड्यावरून खाली पडणारे पाणी कोकणातून वर चढणाऱ्या वाऱ्याच्या झोताने पुन्हा माथ्यावर फेकले जाते, हे दृश्य खरोखरच विलक्षण असते. मात्र वारा नसला तर ते दिसत नाही, आणि धुके उतरले तर हाताच्या अंतरापलीकडचे काहीच दिसत नाही. माझी पहिली फेरी ऑगस्टमधल्या एका शनिवारी झाली. दुपारी तीन वाजता अरुंद रस्त्यावरच्या गाड्यांच्या रांगेत अडकून पडलो, आणि लेणे पाहिले ते पंधरा मिनिटांत, गर्दीच्या खांद्यांवरून. इतिहासासाठी जायचे असेल तर ऑक्टोबर ते फेब्रुवारी हा काळ निवडावा, त्यातही आठवड्याचा मधला वार. सप्टेंबरच्या अखेरीस गेल्यास पठारावर सोनकी फुललेली असते, हा अधिकचा लाभ.

जुन्नरहून निघालेला रस्ता माणिकडोह धरणाचा जलाशय आणि चावंड किल्ला मागे टाकीत घाटघरला जातो. जाताना, जेवण सांगून ठेवण्यापुरते सोडले तर, कोठेही थांबू नये. सकाळी आठच्या आत नाणेघाटाच्या माथ्यावर असावे. गाडी लावून पुढे चालू लागले की जमीन एकदम संपल्यासारखी होते. एका बाजूला नानाचा अंगठा नावाचा सुळका कोकणावर झुकलेला दिसतो आणि त्याला लागून कातळातून खाली उतरणारी अरुंद नळी लागते. हीच जुनी वाट. नळीच्या तोंडाशी एक भला मोठा दगडी रांजण आहे. घाट चढून आलेल्या व्यापाऱ्यांकडून जकातीची नाणी यात टाकून घेत असत, असे परंपरेने सांगितले जाते. रांजणाचा उपयोग कोणताही असो, जकात बसवायला याहून योग्य जागा नाही, हे तेथे उभे राहिल्यावर पटते, कारण लादलेला बैल या नळीतून चुकवून नेणे कोणालाही शक्य नव्हते.

नळीतून थोडे खाली उतरले की मुख्य लेणे लागते. पायऱ्या झिजलेल्या आहेत आणि ओल असेल तर शेवाळामुळे घसरतात, म्हणून उतरताना घाई करू नये. दिवसातील सर्वांत जास्त वेळ, निदान एक तास, या लेण्यासाठी राखून ठेवावा. पाहणारे बहुतेक जण पाच मिनिटांत बाहेर पडतात. भिंतींवर अक्षरे आहेत एवढेच त्यांना दिसते, आणि अक्षरांशी काय करायचे हे त्यांना कोणी सांगितलेले नसते.

डावीकडच्या आणि उजवीकडच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत, प्राकृत भाषेत, सातवाहनांची राणी नागनिका हिचा लेख कोरलेला आहे. तो सामान्यतः इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातील मानला जातो. पती सातकर्णी याच्यासह केलेल्या अश्वमेध, राजसूय आदी यज्ञांची आणि त्यांत दिलेल्या दक्षिणेची त्यात नोंद आहे. आता विजेरी काढावी. ती अक्षरांवर समोरून न रोखता भिंतीला जवळजवळ टेकवून बाजूने धरावी. तिरप्या उजेडात कोरीव रेषांच्या कडांना सावली पडते आणि सपाट वाटणारी भिंत एकदम वाचण्याजोगी होते. लेखाची पहिली ओळ देवतांना वंदन करणारी आहे, त्यामुळे तिच्यात ‘नमो’ हा शब्द पुन्हा पुन्हा येतो. तो शोधणे अवघड नाही. ब्राह्मीतील ‘न’ म्हणजे एका आडव्या रेघेवर उभी केलेली एक रेघ. ‘म’ म्हणजे खाली गोल आणि वर फाकलेले दोन हात. त्या ‘म’ला ओकार लागला की वरच्या बाजूला दोन छोट्या आडव्या रेघा येतात. एवढी तीन चिन्हे घरून कागदावर गिरवून आणली, तर दोन हजार वर्षांपूर्वीचा एक शब्द आपण स्वतः वाचतो. लहान मुले बरोबर असतील तर हे काम त्यांच्याकडेच द्यावे, ती आपल्याआधी शोधतात. मात्र भिंतीला बोट लावू द्यायचे नाही, आणि खडूने किंवा पाण्याने अक्षरे उठावदार करण्याचा मोह कितीही झाला तरी टाळायचा.

लेखातील आकडे हा दुसरा खजिना आहे. येथे शून्य नाही आणि स्थानावरून किंमत ठरवण्याची पद्धतही नाही. सतराशे गायी दान दिल्याचे लिहिताना आधी हजाराचे चिन्ह आणि त्याच्या पुढे सातशेचे चिन्ह कोरले आहे. चार हजार लिहायचे तर हजाराच्या चिन्हालाच चाराचे चिन्ह जोडलेले असते. ब्राह्मी अंकांच्या सर्वांत जुन्या उदाहरणांत नाणेघाटाची गणना होते, ती या गायी, हत्ती आणि कार्षापणांच्या, म्हणजे त्या काळच्या नाण्यांच्या, हिशेबामुळे.

मागच्या भिंतीवर एकेकाळी राजघराण्यातील व्यक्तींच्या प्रतिमा होत्या. आज तेथे पावलांच्या खुणांखेरीज जवळजवळ काही उरलेले नाही, पण वर कोरलेल्या नावांवरून कोण कोठे उभे होते ते कळते. राजा सिमुक सातवाहन, देवी नायनिका आणि सातकर्णी, कुमार भायल, महारठी त्रनकयिरो, कुमार हकुसिरी आणि कुमार सातवाहन अशी ती नावे आहेत. ‘महारठी’ हा शब्द वाचताना मराठी माणूस थबकतोच. त्यावरून ‘मराठा’ शब्दाची व्युत्पत्ती तेथल्या तेथे ठरवून टाकण्याचा उत्साह मात्र आवरावा, त्यावर अभ्यासकांचे वाद अजून चालू आहेत.

लेणे पाहून झाल्यावर वाटेने आणखी वीस मिनिटे खाली उतरावे आणि परत यावे. ही वाट पुढे कोकणात वैशाखरे गावाशी, कल्याण-मुरबाड रस्त्याला जाऊन मिळते. पूर्ण उतरण्याची गरज नाही, पण फरसबंदीचे झिजलेले दगड आणि कड्यात खोदलेली पाण्याची टाकी पाहिल्यावर या वाटेची नीट कल्पना येते. जुन्या लेखांत अशा टाक्यांना ‘पोढी’ म्हटलेले आहे. चढून दमलेल्या माणसाला आणि जनावराला पाणी पाजणे हे त्या काळी पुण्यकर्म होते आणि व्यापाराची गरजही होती.

घाटमाथ्यावरचे पहिले गाव घाटघर. मागे जीवधन किल्ल्याचा कातळ आणि त्याच्या कडेला वानरलिंगीचा सुळका उभा असतो. किल्ला चढायचा नाही, तो स्वतंत्र दिवसाचा आणि अनुभवी सोबतीचा विषय आहे. जेवणाची गरज असेल तर सकाळी वर जातानाच एखाद्या घरी किंवा खानावळीत किती माणसे आणि किती वाजता हे सांगून ठेवावे. आयत्या वेळी आठ माणसांनी दारात उभे राहून भाकरी मागणे हा त्या घरावर अन्याय असतो. तांदळाची किंवा नाचणीची भाकरी, पिठले, ठेचा आणि कांदा एवढे मिळाले की जेवण पूर्ण झाले असे समजावे. पैसे सांगतील तेवढे द्यावेत, घासाघीस करू नये.

वेळ आणि उमेद असेल तर दुपारी आपटाळ्यापर्यंत परत येऊन इंगळूणमार्गे आंबे-हातवीजच्या पठारावर जावे. हा रस्ता वळणावळणाने चढतो. वर पोहोचल्यावर भातखाचरे, कौलारू घरे आणि थेट कड्याच्या काठापर्यंत गेलेली शेते दिसतात. या भागात प्रामुख्याने महादेव कोळी समाजाची वस्ती आहे. भाताइतकाच हिरडा हा येथील संसाराचा आधार आहे. उन्हाळ्याच्या तोंडाशी गेलात तर अंगणात आणि रस्त्याच्या कडेला बाळहिरडा वाळत घातलेला दिसेल. त्यावरून गाडी नेऊ नये आणि मूठभर उचलूही नये, ते कोणाच्या तरी वर्षाच्या मिठामिरचीचे पैसे असतात. वाट विचारताना गाडीची काच खाली करून हाक मारण्यापेक्षा खाली उतरून ‘मावशी’, ‘बाबा’ म्हणून विचारावे. उत्तर अधिक नीट मिळते आणि बहुधा पाणीही मिळते. स्त्रियांची व मुलांची छायाचित्रे विचारल्याशिवाय काढू नयेत.

ही फेरी जमणार नसेल तर तिच्याऐवजी दोन ठिकाणे घ्यावीत. पहिले पूर गावचे कुकडेश्वर मंदिर. कुकडी नदीच्या उगमाजवळचे हे जुने शिवालय कोरीवकामाने भरलेले आहे, आणि घाटघरच्या परतीच्या वाटेवर थोडी वाकडी वाट केली की लागते. दुसरे म्हणजे जुन्नरच्या पश्चिमेला पाडळीजवळची तुळजा लेणी. तेथील चैत्यगृह, म्हणजे स्तूप असलेले बौद्ध प्रार्थनागृह, वर्तुळाकार आहे. बारा अष्टकोनी खांबांच्या कड्याने स्तूपाला वेढलेले असून वर घुमट आहे. चैत्यगृह म्हणजे लांबट, मागे गोलावलेले दालन अशी सवय झालेल्या डोळ्यांना ही रचना चकित करते. आंबे-हातवीज आणि तुळजा दोन्ही एका दिवसात कोंबू नयेत.

दुपारी चारच्या सुमारास जुन्नर ओलांडून लेण्याद्रीच्या पायथ्याशी यावे. शहरापासून हे अंतर पाच किलोमीटरच्या आसपास आहे. वर जाण्यास सुमारे तीनशे पायऱ्या आहेत आणि पुरातत्त्व खात्याचे तिकीट काढावे लागते. वाटेत माकडांचा उपद्रव असल्याने हातात खाण्याची पिशवी दिसू देऊ नये. बहुतेक भाविक गिरिजात्मजाचे दर्शन घेऊन उतरतात. तो गणपती ज्या सातव्या क्रमांकाच्या लेण्यात आहे ते मुळात बौद्ध भिक्षूंचे विहार आहे. एवढ्या प्रशस्त सभामंडपाला आत एकही खांब नाही, आणि भिंतींतून भिक्षूंच्या खोल्या आहेत. दर्शनाच्या रांगेत उभे असताना मान वर करून छत एकदा जरूर पाहावे.

त्यानंतर शेजारच्या सहाव्या लेण्यात जावे. हे चैत्यगृह आहे, आणि सकाळपासून धरलेला रस्ता येथे पोहोचतो. याच्या दर्शनी भागातील लेखानुसार हे चैत्यगृह सुलसदत्त नावाच्या माणसाने दान दिले. तो हेरणिकाचा, म्हणजे सोन्यानाण्याचा व्यवहार करणाऱ्याचा मुलगा होता, आणि त्याचे गाव होते कल्याण. सकाळी ज्या नळीत आपण घसरत उतरलो, तिच्या पलीकडच्या टोकाचे हे गाव. जुन्नरच्या लेण्यांतील देणगीदारांत स्वतःला ‘यवन’, म्हणजे ग्रीक किंवा पश्चिमेकडचे परदेशी, म्हणवणारेही तिघे आहेत, म्हणजे या वाटेने येणारे सगळेच जवळपासचे नव्हते.

व्हरांड्याच्या कठड्याशी बसले तर समोर जुन्नरचे खोरे आणि त्यापलीकडे शिवनेरी दिसतो. अंधार पडायच्या आधी खाली उतरावे. परतीचा रस्ता उसाच्या शेतांतून जातो आणि या तालुक्यात बिबट्यांचा वावर असल्याने रात्री गाडी निर्जन ठिकाणी थांबवून बाहेर पडू नये. जुन्नर किंवा नारायणगावात जेवायला थांबणार असाल तर मासवडी मिळते का ते आधी विचारावे. ती करायला वेळ लागतो, म्हणून लेण्याद्रीच्या पायऱ्या उतरता उतरताच फोन करून सांगितलेले चांगले.