दादाभाई संसदेत नेमकं काय करत होते? ब्रिटिश खासदाराची कारकीर्द कागदांवरून मांडण्याची रीत

दादाभाई नौरोजींवर मराठीत पुष्कळ लेखन आहे, पण 1892 ते 1895 या तीन वर्षांत खासदार म्हणून त्यांनी सभागृहात काय केलं हे सांगणारा मजकूर त्यात थोडाच. हाऊस ऑफ कॉमन्स या ब्रिटिश संसदेच्या खालच्या सभागृहाच्या कामकाजाचा वृत्तान्त, म्हणजे हॅन्सार्ड, इंटरनेटवर फुकट वाचायला मिळतो. मात्र तो वाचायची एक रीत आहे. ती हाताशी असली की दादाभाईच काय, त्यांच्यानंतर तिथे निवडून गेलेल्या मंचेरजी भावनगरी किंवा शापुरजी सकलातवाला यांची कारकीर्दही मांडता येते.

सुरुवात नाव आणि मतदारसंघापासून करा. जुन्या कागदांत पारशी नावांची स्पेलिंगं एकसारखी नसतात. नौरोजी, नवरोजी अशी जेवढी रूपं सुचतील तेवढी शोधून पाहा, आणि आडनावाच्या जागी ‘दादाभाई’ घालूनही पाहा. भावनगरी 1895 ते 1906 बेथनल ग्रीन नॉर्थ ईस्टचे खासदार होते. त्यांना 1897 मध्ये ‘सर’ किताब मिळाला, म्हणून आधी ‘मिस्टर’ आणि पुढे ‘सर’ असे दोन्ही शोध घ्यावे लागतात.

नावाचा शोध मात्र पुरा पडत नाही. सभागृहात खासदार एकमेकांचं नाव घेत नाहीत, मतदारसंघावरून उल्लेख करतात. दादाभाईंना कोणी उत्तर दिलं, कोणी टोकलं, हे हवं असेल तर ‘मेंबर फॉर सेंट्रल फिन्सबरी’ (त्यांचा मतदारसंघ) हे शब्द शोधा. इथे हमखास चूक होते. वक्त्याच्या नावापुढे कंसात मतदारसंघ छापतात तेव्हा तो ‘फिन्सबरी, सेंट्रल’ असा उलटा असतो, आणि भाषणाच्या ओघात ‘सेंट्रल फिन्सबरी’ असा सुलटा येतो. दोन्ही शोधले नाहीत तर निम्मा संवाद हातातून जातो.

आता निवडणुका. दादाभाई पहिल्यांदा 1886 मध्ये होबर्नमधून उभे राहिले आणि पडले: त्यांना 1,950 मतं, कर्नल डंकन यांना 3,651. पंतप्रधान लॉर्ड सॉल्सबरी यांचे ‘काळा माणूस’ हे कुप्रसिद्ध उद्गार नोव्हेंबर 1888 मधले, एडिंबरोच्या भाषणातले, आणि ते या होबर्नच्या पराभवाबद्दलचे आहेत. 1892 च्या प्रचारात ते काढले गेले असं बऱ्याच लेखांत असतं, ते दुरुस्त करा. 1892 चा सेंट्रल फिन्सबरीचा निकाल दादाभाईंच्या बाजूने 2,961 विरुद्ध 2,956. फेरमोजणी झाल्यामुळे 3 आणि 5 अशा दोन्ही आघाड्या छापलेल्या सापडतात. निवडणूक-तक्त्यांतला आकडा 5 चा आहे, तोच घ्यावा. त्या काळी सगळीकडे एकाच दिवशी मतदान होत नसे, ती पद्धत 1918 पासूनची. म्हणून 1892 ची ‘निवडणुकीची तारीख’ लिहिताना फक्त ‘जुलै 1892’ लिहिणं सुरक्षित.

‘पहिले भारतीय खासदार’ हे शब्दही जपून वापरावेत. मेरठजवळच्या सरधन्याचे डाइस सोम्ब्र हे मिश्र वंशाचे गृहस्थ 1841 मध्ये सडबरीतून निवडून आले होते. लाचखोरीमुळे ती निवडणूक 1842 मध्ये रद्द झाली. त्यांची एका ओळीत नोंद घेतली तर दादाभाईंचं मोठेपण तसूभरही कमी होत नाही, आणि वाचकाचा विश्वास वाढतो.

मग मुख्य काम: हॅन्सार्ड. त्याच्या मालिका आहेत. चौथी मालिका 1892 ते 1908, पाचवी 1909 पासून. दादाभाईंचं सगळं संसदीय बोलणं चौथ्या मालिकेत येतं. छापील पानावर दोन स्तंभ असतात आणि क्रमांक पानाला नसून स्तंभाला असतो. म्हणून टिपणवहीत सहा रकाने पाडा: तारीख, खंड, स्तंभ, प्रकार (भाषण, प्रश्न, मतदान), विषय, आणि शेवटचा रकाना ‘तारा’.

तारा कशासाठी, ते सांगायला हवं. चौथ्या मालिकेत काही वक्त्यांच्या नावाआधी एक छोटी तारका छापलेली दिसते. तिचा अर्थ असा की ते भाषण छापण्यापूर्वी त्या सदस्याने स्वतः तपासून दुरुस्त केलं आहे. ज्याला तारका नाही ते वृत्तान्तकारांच्या नोंदींवरून जुळवलेलं. 1909 पूर्वीचं हॅन्सार्ड हे शब्दशः नोंद नव्हतं. वर्तमानपत्रांतले वृत्तान्त वापरून ते तयार होई, आणि मागच्या बाकांवरच्या सदस्यांची भाषणं आखडती येत. शिवाय ती पुष्कळदा अप्रत्यक्ष कथनात असतात: ‘त्यांनी म्हटलं की सभागृहाने याचा विचार करावा.’

अशा मजकुराचं मराठी करताना अवतरणचिन्हं घालून ‘मी सभागृहाला विनवतो’ असं प्रथमपुरुषी वाक्य बनवू नका. ते शब्द दादाभाईंचे आहेत याला आधार नाही. ‘दादाभाईंनी सभागृहाला विनंती केली की…’ एवढंच लिहा. अवतरण फक्त प्रथमपुरुषी मजकुराला, आणि तारका असेल तर निर्धास्त. सकलातवाला 1922 नंतरचे, त्यामुळे त्यांच्या भाषणांना ही अडचण नाही. तोवर शब्दशः नोंद सुरू झालेली होती.

वाचायला कुठून लागावं? दादाभाईंचं पहिलं भाषण 9 ऑगस्ट 1892 चं, राणीच्या अभिभाषणावरच्या चर्चेतलं. त्यानंतर 12 फेब्रुवारी 1895 ची त्यांची उपसूचना घ्या, हिंदुस्थानच्या खर्चाबद्दलची. ही दोन वाचली की संपत्तीच्या निचऱ्याचा, म्हणजे हिंदुस्थानची संपत्ती इंग्लंडला वाहून जाते हा त्यांचा मुद्दा सभागृहाच्या भाषेत कसा उतरला ते कळतं. मग प्रश्नांकडे वळा. लेखी उत्तराचे प्रश्न 1902 पासून सुरू झाले, म्हणजे दादाभाईंचे प्रश्न सभागृहातल्या प्रश्नोत्तरांत सापडतील. उत्तर कोण देतो हे लिहून ठेवा. 1894 च्या मार्चपर्यंत भारतमंत्री (हिंदुस्थानचा कारभार पाहणारे ब्रिटिश मंत्री) लॉर्ड किंबर्ली वरच्या सभागृहात बसत, म्हणून कॉमन्समध्ये उत्तर द्यायला उपमंत्री जॉर्ज रसेल उभे राहत. पुढे हेन्री फाउलर भारतमंत्री झाले, ते कॉमन्सचेच. मंत्री स्वतः समोर असणं आणि नसणं यातला फरक उत्तरं लागोपाठ वाचली की जाणवतो.

मतदानाच्या याद्या वाचताना दोन गोष्टी सांभाळा. प्रत्येक बाजूचे दोन मोजणीदार मतांत धरले जात नाहीत, त्यांची नावं वेगळी छापतात. आणि यादीत नाव नाही म्हणजे सदस्य तटस्थ होता असं नव्हे. विरुद्ध पक्षाच्या सदस्याशी जोडी लावून दोघांनी गैरहजर राहायची प्रथा जुनी आहे, आणि यादीत ती दिसत नाही.

2 जून 1893 चा ठराव याचं उत्तम उदाहरण आहे. सनदी सेवेची परीक्षा इंग्लंड आणि हिंदुस्थान दोन्हीकडे एकाच वेळी घ्यावी, हा ठराव हर्बर्ट पॉल यांनी मांडला. सरकारचा विरोध असताना तो 84 विरुद्ध 76 मतांनी मंजूर झाला. मराठी लेखांत इथे दोन चुका एकदम होतात: ठराव दादाभाईंनी मांडला असं लिहिलं जातं, आणि त्याचा कायदा झाला असंही. सभागृहाचा ठराव म्हणजे फक्त मत, सरकारवर तो बंधनकारक नव्हता. हिंदुस्थानात ती परीक्षा प्रत्यक्ष घेतली गेली 1922 मध्ये, दादाभाई 1917 मध्ये गेल्यानंतर. ठराव आणि अंमल या दोन तारखा नेहमी शेजारी शेजारी लिहाव्यात.

कारकीर्दीचा शेवट लिहितानाही सावध राहा. ‘राजीनामा दिला’ हे ब्रिटिश खासदाराबद्दल क्वचितच बरोबर असतं. सदस्याला थेट राजीनामा देता येत नाही, चिल्टर्न हंड्रेड्ससारखं नाममात्र सरकारी पद स्वीकारून जागा सोडावी लागते. दादाभाई 1895 च्या सार्वत्रिक निवडणुकीत हरले, आणि 1906 मध्ये नॉर्थ लॅम्बेथमधून पुन्हा उभे राहून पडले. सकलातवाला बॅटरसी नॉर्थमधून 1922 मध्ये आले, 1923 मध्ये पडले, 1924 मध्ये परतले आणि 1929 मध्ये पुन्हा पडले. म्हणून त्यांच्या नावापुढे ‘1922–1929’ असं सलग लिहिणं चूक.

उपजीविकेबद्दल एक वाक्य हवंच. खासदारांना पगार 1911 पासून, वर्षाला 400 पौंड. त्याआधी निवडणुकीचा खर्च आणि लंडनमधलं राहणं स्वतःच्या किंवा मित्रांच्या पैशांवर चाले. दादाभाईंच्या बाबतीत हा पैसा कुठून आला, कोणी मदत केली, हे हॅन्सार्ड सांगणार नाही. त्यासाठी दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारातला त्यांचा पत्रसंग्रह उघडावा लागतो. पत्र उतरवून घेताना पाठवणारा, तारीख आणि संग्रहातला क्रमांक आधी लिहा, मजकूर नंतर. तारीख नसलेली पत्रं वेगळ्या पाकिटात ठेवा आणि मजकुरात उल्लेखलेल्या चर्चेची तारीख हॅन्सार्डमध्ये शोधा. बहुतेक वेळा पत्राचा आठवडा तिथेच सापडतो.