पहिला माहितीपट खाडीवर करताना

सामाजिक माहितीपट करायचे असतील तर पहिला विषय लोकलने परत परत जाता येईल असा घ्या. ठाण्याहून पनवेल लोकल पकडली की बेलापूर, तिथून जवळच दिवाळ्याचा कोळीवाडा. खाडीतली मासेमारी हा विषय धरला, तर पहिल्या पाच-सहा खेपा कॅमेरा घरीच ठेवा. जाळी विणायला बसलेल्या काकांपाशी बसा, कोण किती वाजता होडी काढतो ते वहीत टिपा.

भरती रोज सुमारे ५० मिनिटं उशिरा येते. सोमवारी सकाळी सातला पाण्यात गेलेली होडी शुक्रवारी त्या वेळी निघणारच नाही. म्हणून आधी भरती-ओहोटीचा तक्ता घ्या आणि मगच शूटिंगचे दिवस ठरवा. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणात पाणी सर्वांत जास्त चढतं. भांगाला, म्हणजे अष्टमीच्या सुमारास, उतार कमी असतो, चिखल फारसा उघडा पडत नाही.

कॅमेरा सेकंदाला २५ फ्रेमवर, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची असल्यामुळे ३० फ्रेम आणि १/६० ठेवलं की घरातली ट्यूबलाइट पडद्यावर लपलपते.

नवख्यांची फिल्म बहुतेक वेळा आवाजात मार खाते. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. सिंथेटिक साडीवर तो घासून खरखरतो, म्हणून वायरला छोटा वेढा देऊन टेपने चिकटवा. रेकॉर्डिंगची लेव्हल मीटरवर उणे १८ ते उणे १२ डेसिबल. खाडीच्या वाऱ्यात माइकवर केसाळ विंडशील्ड हवंच. घरात मुलाखत असेल तर विचारून फ्रिज बंद करा आणि स्वतःच्या गाडीची चावी फ्रिजमध्ये ठेवा. निघताना चावीसाठी फ्रिज उघडावाच लागतो, मग तो चालू करायचं विसरत नाही आणि मावशींची मासळी नासत नाही. उठण्याआधी सगळ्यांना गप्प बसवून मिनिटभर खोलीचा नुसता आवाज घ्या. संकलनात तोच सांधे झाकतो.

संमतीपत्र मराठीत असू द्या आणि सहीआधी मोठ्याने वाचून दाखवा. भरावाविरुद्ध किंवा खारफुटी तोडण्याविरुद्ध कुणी बोललं असेल, तर प्रदर्शनाआधी पुन्हा विचारा. फिल्म दाखवून झाल्यावर तुम्ही घरी जाता, ती व्यक्ती मात्र तिथेच राहते. नको म्हणाली तर तो भाग काढा, कितीही चांगला असला तरी.

१०० एमबीपीएसवर (सेकंदाला १०० मेगाबिट) रेकॉर्डिंग केलं की तासाला ४५ जीबी भरतात. दोन हार्ड डिस्कवर प्रती करा, दोन्ही उघडून पाहा, मगच कार्ड पुसा. विमानतळ जवळ आहे, त्यामुळे परवानगीशिवाय ड्रोन नको.

पोटापाण्यासाठी सुरुवातीला लग्नाची शूट, दुसऱ्यांचं संकलन करावंच लागतं. त्या तारखा भरतीच्या तक्त्याशेजारी लिहा.

कच्चा कट महोत्सवाला पाठवण्याआधी गावात दाखवा. आगरी-कोळी शब्दांचे चुकलेले अर्थ तिथल्या बायका लगेच पकडतात. सबटायटल त्यानंतरच पक्की करा.