ऑपरेशननंतर घरी आल्यावर पायात रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून

बेळगावात खुब्याचं किंवा गुडघ्याचं ऑपरेशन होतं आणि थोड्याच दिवसांत पेशंट खानापूर, निपाणी, चिकोडीकडे आपल्या गावी परततो. टाके निघाले की घरच्यांना हायसं वाटतं. पण पायाच्या खोल शिरेत गुठळी होण्याचा धोका पुढे कित्येक आठवडे, कधी तीन महिनेही राहतो.

चालताना पोटरी आवळते आणि शिरेतलं रक्त वर ढकलते. माणूस पडून राहिला की हा पंप बंद पडतो, रक्त तुंबतं. त्यातच ऑपरेशनमुळे रक्त गोठण्याकडे झुकलेलं असतं.

म्हणून पहिलं काम पोटरीचं. जागेपणी दर तासाला दोन्ही पावलं १० ते २० वेळा आपल्याकडे ओढायची, मग पुढे ताणायची. डॉक्टरांनी परवानगी दिली की वॉकर घेऊन दिवसातून चार-पाच वेळा घरातल्या घरात चालवा. सोप्यापर्यंतची फेरीही चालते. गुडघ्याखाली उशी ठेवू नका, तिथली शीर दबते. मूत्रपिंडाच्या किंवा हृदयाच्या आजारामुळे पाणी मोजून प्यायला सांगितलं नसेल, तर पाणी कमी पडू देऊ नका. रात्री उठावं लागू नये म्हणून बरेच जण पाणीच पीत नाहीत. त्यापेक्षा खाटेजवळ लघवीचं भांडं ठेवा.

रक्त पातळ करणारं इंजेक्शन दिलं असेल तर ते रोज ठरल्या वेळी. एनोक्सापॅरिनचा नेहमीचा डोस ४० मिलिग्रॅम, दिवसातून एकदा. मूत्रपिंड कमजोर असेल तर डॉक्टर तो कमी करतात. खुब्याचा सांधा बदलल्यावर हा कोर्स साधारण २८ ते ३५ दिवस चालतो. जखम बरी दिसते म्हणून मध्येच सोडू नका. बेंबीपासून किमान पाच सेंटीमीटर लांब, पोटाच्या बाजूला कातडीची घडी चिमटीत धरा आणि सुई सरळ, पूर्ण आत घाला. पूर्ण डोस द्यायचा असेल तर भरलेल्या सिरिंजमधला हवेचा बुडबुडा काढू नका, औषध वाया जातं. औषध संपेपर्यंत घडी सोडू नका. नंतर चोळू नका, काळंनिळं होतं. आज डावी बाजू, उद्या उजवी. या काळात दुकानातून अंगदुखीची गोळी आणून देऊ नका, रक्तस्राव वाढू शकतो. काळी शौच झाली किंवा लघवीत रक्त दिसलं तर लगेच डॉक्टरांना कळवा.

घट्ट मोजे सांगितले असतील तर घोटा आणि पोटरी मोजूनच घ्या. रोज काढून कातडी तपासा. वरची कड गुंडाळली गेली की दोरीसारखी आवळते.

सगळ्यात जपायचं ते मालिशपासून. एकच पाय सुजला, पोटरी दुखली, गरम लागली की कोणीतरी मायेने तेल कोमट करून चोळायला बसतं. तसं करू नका; गुठळी सुटून फुफ्फुसात जाऊ शकते. गुडघ्याच्या वाटीखालच्या हाडाच्या उंचवट्यापासून १० सेंटीमीटर खाली दोन्ही पोटऱ्या टेपने मोजा. तीन सेंटीमीटरहून जास्त फरक असेल तर त्याच दिवशी दवाखाना गाठा. फरक कमी असला तरी एकाच पायाची नवी सूज किंवा दुखणं अंगावर काढू नका.

अचानक दम लागला, श्वास घेताना छातीत कळ आली, खोकल्यातून रक्त पडलं किंवा चक्कर येऊन पडले, तर लगेच १०८ लावा. गाव आणि तालुका आधी सांगा, मग ऑपरेशनची तारीख. कन्नड येणारं कोणी जवळ असेल तर फोन त्याच्याकडे द्या.