गेम स्टोअरमध्ये दिसत नाही? ‘बॅन झाला’ म्हणण्याआधी या चुका टाळा

इंदूरमध्ये एखादा गेम स्टीमवर (पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानात) किंवा प्ले स्टोअरवर सापडला नाही, की निकाल लगेच लागतो: “भिया, बॅन हो गया.” सुदामा नगर, राजेंद्र नगरातल्या मराठी घरांतली मुलंही हे वाक्य हिंदीतच म्हणतात. मग कोणी व्हीपीएन (आपण दुसऱ्या देशात आहोत असं भासवणारं अ‍ॅप) टाकतो, कोणी कुठल्या तरी साइटवरून एपीके, म्हणजे अ‍ॅपची इन्स्टॉल फाइल, उतरवतो, कोणी टेलिग्रामवर स्वस्तात ‘की’, म्हणजे गेम खात्यात घ्यायचा कोड, घेतो. गेम मात्र बहुतेक वेळा बॅन झालेलाच नसतो.

सरकारी बंदी भारतात होते, नाही असं नाही. २ सप्टेंबर २०२० ला माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९अ खाली ११८ अ‍ॅप बंद झाली, त्यांत पबजी मोबाइल होता. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायर गेला, फ्री फायर मॅक्स मात्र राहिला. पबजीच्या जागी जुलै २०२१ मध्ये आलेला बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) वर्षभराने काढला गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. २०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायचे गेम बंद केले. या प्रत्येक वेळी बातमी घराघरांत पोचली होती. तुम्ही शोधताय त्या कार रेसिंगच्या गेमवर सरकारने गुपचूप बंदी घातली असेल, ही शक्यता सोडून द्या.

कधी कधी कंपनीच माघार घेते आणि नाव सरकारवर जातं. २००८ मध्ये मायक्रोसॉफ्टने ‘फॉलआउट ३’ भारतात आणायचा नाही असं ठरवलं आणि कारण दिलं सांस्कृतिक संवेदनशीलतेचं. गेममध्ये ‘ब्राह्मिन’ नावाच्या दोन डोक्यांच्या गायी आहेत, त्यामुळे हे झालं असं तेव्हा सगळे म्हणत होते. सरकारचा त्यात हात नव्हता.

गेम न दिसण्याचे खरे प्रकार तीनच. तो दुकानात आहे, पण तुमच्या खात्याला दाखवला जात नाही. किंवा तो दुसऱ्या देशात, दुसऱ्या दुकानात आहे. किंवा विक्रीतूनच उठला आहे. याच क्रमाने तपासा, कारण पहिल्याचा इलाज फुकट आणि दोन मिनिटांचा आहे, तिसऱ्याचा बहुधा नाहीच.

जुन्या नावाने शोधणं

ईए कंपनीचा फुटबॉल गेम शोधायला ‘फिफा’ टाइप केलंत तर आता काही हाती लागणार नाही. फिफाशी असलेला नावाचा करार संपला, सप्टेंबर २०२३ मध्ये ‘ईए स्पोर्ट्स एफसी २४’ आला आणि जुने फिफा दुकानांतून उचलले गेले. कोनामीचा ‘पेस’ २०२१ पासून ‘ईफुटबॉल’ आहे. ‘काउंटर-स्ट्राइक: ग्लोबल ऑफेन्सिव्ह’च्या जागी सप्टेंबर २०२३ पासून ‘काउंटर-स्ट्राइक २’ उभा आहे.

याच्या उलट चूक जास्त महागात पडते, कारण तिथे नाव बरोबर असतं आणि गेम चुकीचा. ‘नीड फॉर स्पीड: मोस्ट वाँटेड’ स्टीमवर आहे, पण तो २०१२ चा. ज्या गेमवर एक अख्खी पिढी सायबर कॅफेत वाढली, तो रेझर या खलनायकाचा मोस्ट वाँटेड २००५ चा, आणि पीसीच्या डिजिटल दुकानांत तो मिळत नाही. सेलमध्ये स्वस्त दिसला म्हणून घाईने घेऊ नका, प्रदर्शनाचं वर्ष बघा. घेऊन बसला असाल तर स्टीमवर खरेदीपासून १४ दिवसांत आणि खेळण्याचे दोन तास भरण्याआधी पैसे परत मागता येतात.

स्वतःच्याच सेटिंगला विसरणं

स्टीमवर खात्याच्या नावावर टिचकी मारली की स्टोअर प्रेफरन्सेस उघडतात. तिथे प्रौढांसाठीचा आशय बंद असेल तर ते गेम शोधातच येत नाहीत. नको असलेले टॅग टाकायचीही सोय तिथेच आहे. दोन वर्षांपूर्वी वैतागून ‘हॉरर’ टॅग टाकला असेल, तर आज मित्राने सांगितलेला भुताचा गेम का दिसत नाही याचं उत्तर तिथेच मिळेल. शिवाय शोधाच्या पानावर ‘माझ्या लायब्ररीतले लपवा’ आणि ‘दुर्लक्षित लपवा’ अशा दोन चौकटी असतात. पहिली चौकट चालू असली, तर तुम्ही आधीच विकत घेतलेला गेम दुकानातून गायब झाल्यासारखा वाटतो.

मोबाइलवर हीच गोष्ट गूगलचं पालकांसाठीचं फॅमिली लिंक अ‍ॅप करतं. पालकांनी मुलाच्या खात्यावर वयाची मर्यादा घातली, की तिच्या वरचे गेम प्ले स्टोअरमध्ये मिळत नाहीत. आमच्या शेजारच्या काकूंचा नातू गेम काढून टाकला म्हणून कंपनीच्या नावाने खडे फोडत होता. काकू शांतपणे म्हणाल्या, “अरे, तुझ्या बाबानं लावलंय ते कुलूप. त्याला विचार.” स्टीमवर २०२४ मध्ये आलेल्या स्टीम फॅमिलीजमध्येही पालक दुकान आणि ठरावीक गेम बंद ठेवू शकतात. मुलांनो, हे कुलूप उघडायचा उपाय या लेखात नाही.

अँड्रॉइडवर आणखी एक भानगड आहे. प्ले स्टोअर फोन पाहून यादी दाखवतं. ज्या जुन्या गेमची ६४-बिट (नव्या प्रोसेसरसाठीची) आवृत्ती निघालीच नाही, तो ऑगस्ट २०२१ पासून ६४-बिट फोनना मिळत नाही. आयफोनवर हा घाव आधीच बसला: २०१७ च्या आयओएस ११ ने ३२-बिट अ‍ॅप चालवणंच बंद केलं. म्हणून बाबांच्या जुन्या फोनवर असलेला गेम नव्या, महागड्या फोनवर सापडत नाही. फोन कमी पडला म्हणून हे झालं असं समजून जेल रोडला आणखी वरचं मॉडेल बघायला जाऊ नका, काही उपयोग होणार नाही.

खात्याचा देश न बघणं

इंदूरच्या घराघरांतून कोणी ना कोणी शिकायला जर्मनी-कॅनडाला गेलेलं आहे. तिथे स्टीमवर खरेदी केली की खात्याचा देश बदलतो, आणि सुट्टीत घरी आल्यावरही तो आपोआप भारत होत नाही. जर्मनीत १५ नोव्हेंबर २०२४ पासून वयोगटाचं मानांकन नसलेले गेम स्टीम दाखवत नाही. छोट्या स्टुडिओंचे कितीतरी गेम त्यामुळे तिथे अदृश्य झाले. दादा इथे सोफ्यावर बसून शोधतो आणि सापडत नाही, धाकट्याच्या लॅपटॉपवर तोच गेम समोर असतो. असं झालं की दोघांच्या खात्यांचे देश ताडून पाहा.

देश बदलता येतो, पण मनात येईल तेव्हा नाही. स्टीमवर त्या देशाच्या कार्डाने किंवा पेमेंटने खरेदी करावी लागते, आणि दोन बदलांमध्ये तीन महिन्यांचं अंतर लागतं. गूगल प्लेवर वर्षातून एकदाच, आणि जुन्या देशातली शिल्लक नव्या देशात वापरता येत नाही. ती आधी संपवा.

व्हीपीएनने देश बदलल्याचं भासवणं हा उपाय नाही. स्टीमच्या नियमांत ते बसत नाही आणि त्यापायी खातंच अडकू शकतं. पूर्वी लोक अर्जेंटिना आणि तुर्कस्तानच्या पडेल भावांसाठी हे करत. २० नोव्हेंबर २०२३ पासून तिथले भावही डॉलरमध्ये आहेत. दहा वर्षांची लायब्ररी पणाला लावण्याइतकं आता तिथे काही उरलेलं नाही.

प्रदेशाची अडचण आहे की गेमच उठलाय, हे ओळखायला स्टीमचा शोध सोडा आणि गूगलमधून त्या गेमच्या स्टीम पानावर जा. ‘तुमच्या प्रदेशात उपलब्ध नाही’ अशा अर्थाची इंग्रजी ओळ दिसली तर प्रश्न देशाचा. ‘प्रकाशकाच्या विनंतीवरून विक्री थांबवली आहे’ असं लिहिलेलं असेल, तर पुढचा भाग तुमच्यासाठी आहे.

डिजिटल माल कधी संपत नाही असं धरून चालणं

फाइल तर सर्व्हरवर पडलेली आहे, ती विकायला काय जातं? हा प्रश्न रास्त आहे. पण गेममध्ये गाणी असतात, खऱ्या गाड्या असतात, सिनेमातली किंवा कॉमिकमधली पात्रं असतात, आणि या प्रत्येकाची परवानगी ठरावीक मुदतीची असते. मुदत संपली की नवी प्रत विकता येत नाही. नूतनीकरणाला पैसे लागतात, आणि जुना गेम तेवढे कमवत नसेल तर कंपनी तो काढून मोकळी होते.

‘अ‍ॅलन वेक’ मे २०१७ मध्ये केवळ संगीताच्या परवान्यांमुळे विक्रीतून गेला आणि ते पुन्हा मिळाल्यावर ऑक्टोबर २०१८ मध्ये परत आला. ‘स्कॉट पिल्ग्रिम’चा गेम २०१४ मध्ये गेला तो थेट जानेवारी २०२१ मध्ये परतला. ‘डेडपूल’ २०१४ च्या सुरुवातीला गेला, २०१५ मध्ये आला आणि २०१७ मध्ये पुन्हा गेला. ‘स्पेक ऑप्स: द लाइन’ जानेवारी २०२४ मध्ये परवाने संपल्यामुळे गेला. ‘फोर्झा होरायझन’सारख्या मालिकेत तर शेकडो गाड्या आणि रेडिओवरची गाणी, म्हणजे हा गेम विकायला आणतानाच तो कधीतरी काढावा लागणार हे ठरलेलं. तिसरा भाग सप्टेंबर २०२० मध्ये गेला, चौथा १५ डिसेंबर २०२४ ला.

कधी गेम राहतो आणि गाणी जातात. ‘जीटीए ४’ला दहा वर्षं झाली तेव्हा, एप्रिल २०१८ मध्ये, त्यातली बरीच गाणी काढली गेली. गेममधल्या व्लादिवोस्तोक एफएम या रशियन गाण्यांच्या रेडिओ स्टेशनला सर्वांत मोठा फटका बसला. पुढे २०२० च्या जानेवारीत गेमच स्टीमवरून गेला, पण त्याचं कारण अगदी वेगळं होतं. तो मायक्रोसॉफ्टच्या ‘गेम्स फॉर विंडोज लाइव्ह’ या मोडीत निघालेल्या सेवेला बांधलेला होता आणि विकायला नव्या कीच मिळेनात. दोन महिन्यांत ती सेवा वगळून ‘कंप्लीट एडिशन’ आली.

‘नो वन लिव्ह्ज फॉरेव्हर’ची कथा आपल्याकडच्या वडिलोपार्जित वाड्यासारखी आहे. २००० सालचा हा गाजलेला गेम, पण स्टुडिओ विकले गेले, कंपन्या एकमेकींत मिसळल्या, आणि हक्क नक्की कोणाकडे हे कोणीच ठामपणे सांगेना. नाइट डाइव्ह या कंपनीने तो पुन्हा आणायचा प्रयत्न केला आणि शेवटी नाद सोडला.

आता आपल्या लाडक्या ‘क्रिकेट ०७’बद्दल, कारण हा प्रश्न हटकून येतो. नोव्हेंबर २००६ मध्ये आलेला हा गेम सीडी-डीव्हीडीच्या काळातला. त्यात परवाना होता अ‍ॅशेसचा, म्हणजे इंग्लंड-ऑस्ट्रेलियाचा; आपल्या खेळाडूंची नावंसुद्धा खरी नव्हती. त्यानंतर ईएने क्रिकेटचा मोठा गेम काढला नाही आणि हा डिजिटल दुकानात कधी आलाच नाही. कोणी ‘अधिकृत डाउनलोड’ म्हणून देत असेल, तर तो अधिकृत नाही एवढं नक्की.

चुकीच्या दुकानात शोधणं

‘व्हॅलोरंट’ रायट कंपनीच्या स्वतःच्या लाँचरमधून मिळतो, ‘माइनक्राफ्ट’ मायक्रोसॉफ्टकडून. स्टीमवर दोन्ही नाहीत. काही गेम मुदतीने एका दुकानाला बांधलेले असतात: ‘मेट्रो एक्सोडस’ फेब्रुवारी २०१९ मध्ये एपिक या दुकानात आला आणि स्टीमवर वर्षभराने. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ ऑगस्ट २०२० मध्ये आधी निन्टेन्डो स्विचवर आला, बाकीच्यांना ऑक्टोबरपर्यंत थांबावं लागलं. अशा वेळी वाट पाहणं एवढंच काम आहे. जुन्या पीसी गेमसाठी जीओजी हे ऑनलाइन दुकान बघायची सवय लावून घ्या. तिथे घेतलेल्या गेमची इन्स्टॉल फाइल आपल्या हार्ड डिस्कवर ठेवता येते.

दुकानातून गेला म्हणजे माझ्याकडचाही गेला, असं समजणं

विक्रीतून उठलेला गेम तुम्ही आधी घेतला असेल तर स्टीमच्या लायब्ररीत तो बहुतेक वेळा तसाच असतो आणि पुन्हा उतरवताही येतो. दुकानात शोधत बसू नका, लायब्ररीत बघा. घाबरून दुसऱ्याकडून की विकत घेणारे लोक आहेत, आणि नंतर कळतं की गेम आधीपासून खात्यातच होता.

अपवाद आहेत आणि ते कटू आहेत. युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ डिसेंबर २०२३ मध्ये विक्रीतून गेला, ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाले, आणि तो इंटरनेटशिवाय चालतच नसल्याने पैसे मोजलेल्यांच्याही हाती काही उरलं नाही. ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम त्यातूनच उभी राहिली. माझ्या मते हा राग योग्य आहे. परवाना संपला म्हणून नवी विक्री थांबवणं समजू शकतं, विकलेली वस्तू निकामी करणं नाही. कॅलिफोर्नियाच्या कायद्याने १ जानेवारी २०२५ पासून दुकानांना एवढं तरी स्पष्ट सांगावं लागतं की तुम्ही गेमचा परवाना घेताय, मालकी नाही. स्टीमने ती सूचना कार्टमध्ये त्याआधीच टाकली.

राहिला प्रश्न बाहेरून की घेण्याचा. विक्रीतून गेलेल्या गेमची जुनी, न वापरलेली की चालू शकते, पण ती दुसऱ्या देशापुरती असू शकते किंवा चोरीच्या कार्डावर घेतलेली असू शकते, आणि मग नंतर रद्द होते. विकणाऱ्याला आधी विचारा, ही की कोणत्या देशाची आहे? उत्तर द्यायला टाळाटाळ झाली की पैसे खिशातच ठेवा. एपीकेच्या बाबतीत तर तेवढाही जुगार नको, त्याच फोनवर तुमचं यूपीआय आहे.

आवडता गेम जाणार असेल तर बऱ्याचदा आधी कळतं. फोर्झा होरायझन ४ ची सूचना जून २०२४ मध्येच आली होती, म्हणजे जवळजवळ सहा महिने हातात होते, आणि त्या काळात तो मोठ्या सवलतीत विकला गेला. फक्त त्याची जोड-पॅक (गेमला वरून जोडायचे जादा भाग) जूनमध्येच विकायची बंद झाली, मूळ गेम डिसेंबरपर्यंत मिळत राहिला. म्हणून अशी सूचना वाचताना गेमची तारीख आणि पॅकची तारीख वेगवेगळी बघा, आणि विशलिस्टवर नुसता ठेवू नका. विक्री थांबल्यावर विशलिस्टमधलं खरेदीचं बटणही जातं.