नस्ती, म्हणजे सरकारी फाइल, कुठे अडते? सरकारी कामात नव्याने येणाऱ्यांसाठी

लोकप्रशासनात एम.ए. केलेली किंवा इंदूरच्या भंवरकुआं भागातल्या कोचिंगमध्ये वर्षं घालवून शेवटी एखाद्या विभागात संविदेवर (कंत्राटी) लागलेली आपली मराठी मुलं दरवर्षी भेटतात. प्रश्न ठरलेला असतो, "ताई, धोरण ठरतं तरी कुठे? मी तर नुसती एक्सेल भरतोय." मी इंदूरच्या राजेंद्रनगरात राहते आणि जिल्हा पातळीवर योजनांचं काम बरीच वर्षं करतेय, म्हणून एकदा लिहूनच टाकते. धोरण त्या एक्सेलमध्येही ठरतं. तिच्यात कोणता रकाना ठेवायचा आणि कोणता नाही, हे कुणीतरी ठरवलेलं असतं, आणि तो माणूस सहसा निवडून आलेला नसतो.

लाडली बहना घ्या, बायकांच्या खात्यात दरमहा पैसे टाकणारी मध्य प्रदेशची योजना. तेव्हाचे मुख्यमंत्री शिवराजसिंह चौहानांनी जानेवारी २०२३ मध्ये घोषणा केली, मार्चमध्ये अर्ज सुरू झाले आणि १० जूनला पहिले १००० रुपये खात्यांत पडले. नोव्हेंबरात मतदान झालं, भाजपला २३० पैकी १६३ जागा मिळाल्या. वर्तमानपत्रांनी विजयाचं श्रेय योजनेला दिलं. कचेरीत बसून पाहणाऱ्याला मात्र अर्जाचा नमुना जास्त बोलका वाटतो. कुटुंबाचं उत्पन्न अडीच लाखांच्या आत हवं ही अट होती, पण उत्पन्नाचा दाखला मागितलेला नव्हता, स्वयंघोषणा पुरत होती. रहिवासी दाखलाही नको. समग्र आयडी (राज्याचा कुटुंब-ओळख क्रमांक), आधार आणि आधारशी जोडलेलं बँक खातं, एवढ्यावर भागत होतं. ई-केवायसीला आणि बँकेत डीबीटी (सरकारी पैसे थेट खात्यात येण्याची सोय) चालू करायला रांगा लागल्याच, पण त्या दोन-चार दिवसांत पुढे सरकणाऱ्या. दाखला लागला असता तर निम्म्या बाया तहसीलच्या आवारातच अडकल्या असत्या.

पुढच्या वर्षी महाराष्ट्रात तशीच लाडकी बहीण योजना आली, तेव्हा पुण्या-नाशिकचे नातेवाईक फोनवर दाखल्यांचंच रडगाणं गात होते. २८ जून २०२४ च्या शासन निर्णयात उत्पन्नाचा आणि अधिवासाचा दाखला होता, मुदत १५ जुलैची. तलाठी कार्यालयांत आणि सेतू केंद्रांवर झुंबड उडाली. आठवड्याच्या आत सुधारणा आली: पिवळं किंवा केशरी रेशनकार्ड असेल तर उत्पन्नाचा दाखला नको, अधिवासाऐवजी पंधरा वर्षांपूर्वीचं रेशनकार्ड किंवा मतदार ओळखपत्र चालेल, पाच एकर शेतजमिनीची अट रद्द, मुदत ३१ ऑगस्टपर्यंत. दोन्हीकडे निवडणूक तोंडावर होती. फरक कागदांचा, आणि ते कागद यादीत घालणारा मंत्री नसतो, मसुदा लिहिणारा असतो. म्हणून नव्या माणसाने भाषण नंतर ऐकावं, आधी आदेशातली पात्रता, अपात्रता आणि 'सोबत जोडायची कागदपत्रं' वाचावीत.

वर वल्लभ भवनात, म्हणजे भोपाळच्या मंत्रालयात, नोटशीट (फाइलमधलं टिपांचं पान) खालून चढते. शाखेतला बाबू पहिली टीप लिहितो, मग अवर सचिव, उपसचिव, प्रमुख सचिव आणि शेवटी मंत्री. पैशांचा विषय असला की वित्त विभागाची सहमती, मोठा असला की मंत्रिपरिषदेसाठी संक्षेपिका (प्रस्तावाचा सारांश). मंत्र्यांसमोर नस्ती येते तेव्हा तिच्यात दोन पर्याय मांडलेले असतात. तिसरा कुणाला सुचलाच नव्हता की मुद्दाम गाळला, हे त्या पानावर दिसत नाही. विधानसभेत कुणीही विरोध न करता कितीतरी चांगले प्रस्ताव वित्ताच्या एका शेऱ्यावर वर्षभर निजून राहतात. तुम्हाला मसुदा लिहायची संधी मिळाली, तर पहिल्या टिपेवर कष्ट घ्या. पुढचे सगळे तिच्यावरच सही करतात किंवा तिलाच खोडतात.

याचा अर्थ बाबूच राजा असा नाही. बदलीची दोरी राजकारण्याच्या हातात असते आणि सगळं त्या दोरीच्या अंदाजाने चालतं. टी.एस.आर. सुब्रमण्यम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितलं की अधिकाऱ्यांनी तोंडी आदेशांवर काम करू नये, आदेशाची लेखी नोंद ठेवावी. तरी "वरून फोन आलाय" हे वाक्य काही संपलेलं नाही. असा फोन आलाच तर निदान टिपेत 'चर्चेनुसार' हा शब्द आणि तारीख घालायला शिका. संविदेवरच्या माणसाला दुसरं चिलखत नाही.

कधी तर दोन सेवांमधली, आयएएस आणि आयपीएस यांच्यातली, ओढाताणच धोरण लांबवते. इंदूर-भोपाळला पोलीस आयुक्त प्रणाली आणायची चर्चा कित्येक वर्षं चालली होती. ती लागू झाली डिसेंबर २०२१ मध्ये. तडीपारीसारखे दंडाधिकाऱ्यांचे अधिकार कलेक्टरकडून पोलिसांकडे जाणार होते. आपले अधिकार कोण हसत सोडतो?

आता तुमच्या रोजच्या आयुष्यात येणारी गोष्ट: १८१, म्हणजे सीएम हेल्पलाइन, मुख्यमंत्र्यांच्या नावाने चालणारा तक्रारीचा फोन. तक्रार एल-१ पासून एल-४ पर्यंत, म्हणजे खालच्या अधिकाऱ्यापासून वरच्यापर्यंत, चढते आणि सोमवारच्या टीएल (टाइम लिमिट, मुदतीतल्या कामांच्या) बैठकीत प्रलंबित आकडे पडद्यावर झळकतात. मग विभाग कामापेक्षा आकड्यामागे लागतो. आमच्या ओळखीच्या एका कार्यालयातला मुलगा सुदामानगरच्या एका काकांना फोनवर विनवत होता, "काका, ड्रेनेजची निविदा निघायचीय, पण तक्रार तेवढी बंद करा ना." काका म्हणाले, "आधी अंगणातलं पाणी बंद कर, मग तक्रार बंद करतो." मुलगा चांगला होता, पण मोजमाप असं की ड्रेनेज दुरुस्त करण्यापेक्षा काकांना पटवणं त्याला स्वस्त पडत होतं. ठरलेल्या मुदतीत सेवा देण्याच्या लोकसेवा गॅरंटी कायद्याचंही (२०१०) थोडं तसंच. उशीर झाला तर अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपये, जास्तीत जास्त ५००० रुपये दंड. कायदा चांगला, मी त्याच्या बाजूची आहे. पण मुदतीच्या शेवटच्या दिवशी 'कागदपत्र अपूर्ण' म्हणून परत आलेले अर्ज कुठल्या महिन्यात वाढतात, ते तपासा. असा तक्ता करून साहेबांसमोर ठेवणारा नवखा मी फार क्वचित पाहिलाय, आणि तो साहेबांच्या लक्षात राहतो.

योजनेचा मूळ आदेश आणि त्यानंतरचे सगळे संशोधन-आदेश (दुरुस्तीचे आदेश) तारखेवार एका फाइलमध्ये लावा. शाखेत ते एकत्र सहसा सापडत नाहीत, त्यामुळे महिन्याभरात लोक तुमच्याकडेच विचारायला येतील. हिंदी टिपा लिहायचा सराव करा, घरच्या मराठीतला ळ आणि 'आहे' मध्येच डोकावतात आणि बाबू हसतात, हसू द्या. आणि संविदा दरवर्षी वाढवून घ्यावी लागत असेल तर स्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांचं काम पाहणाऱ्या) फेब्रुवारीतच विचारणा सुरू करा. आदेश मार्चअखेर निघाला नाही तर एप्रिलचा पगार लांबतो.