मुंबईत जहाजावर लागायला आलेल्या पोरांनो

मस्जिद बंदरला उतरता, गावकीच्या खोलीत पथारी टाकता, तिथवर ठीक. जेवणाची वर्गणी वेळेवर द्या, बाकी काय ते खोलीतले सांगतील. एजंटचा आरपीएसएल नंबर, म्हणजे खलाशी भरतीच्या सरकारी परवान्याचा नंबर, डीजी शिपिंगच्या (केंद्राचं जहाजांचं खातं) साइटवर बघा, नसेल तर चहा संपवून उठा. नोकरी लावायचे पैसे खलाशाकडून घेताच येत नाहीत, आणि मागणारा बहुतेक वेळा आपल्याच तालुक्यातला निघतो, लाज वाटते लिहायला.

आमदाराचं पत्र आणू नका. जहाजांचे कायदे दिल्लीत संसद करते, संविधानात तो विषयच केंद्राकडे आहे. भाऊच्या धक्क्यावरच्या लाँचचं वेगळं, ते मेरीटाईम बोर्ड बघतं.

आता मेन गोष्ट. २०१९ ला चार महिन्यांचा पगार थकलेला असताना मी मुंबईच्या अँकरेजला (बंदराबाहेर जहाजं नांगर टाकून थांबतात तिथे) साइन ऑफ केलं, म्हणजे नोकरी संपवून उतरलो, एजंट म्हणाला आठ दिवसात खात्यात पडतील, मी गावी गेलो, गणपती केले, परत आलो तर जहाज गेलेलं. फोर्टातल्या वकीलबाई म्हणाल्या, जहाज इथे उभं होतं तेव्हा कुठे होतात? २०१७ चा ॲडमिरल्टी कायदा, म्हणजे जहाजांवरच्या दाव्यांचा कायदा, आहे, १ एप्रिल २०१८ पासून लागू, त्याआधी इंग्रजांच्या १८६१ च्या कायद्यावर गाडा चालला होता. झेंडा पनामाचा असूदे, मालक दुबईत बसूदे, मुंबई हायकोर्ट थेट जहाजच अरेस्ट करतं, म्हणजे अडवून ठेवतं, फक्त ते इथल्या हद्दीत पाहिजे, म्हणजे किनाऱ्यापासून १२ सागरी मैलांच्या आत. कोचीला गेलं की केरळ हायकोर्ट, देशाबाहेर गेलं की बसा बोंबलत. म्हणून जहाज उभं आहे तोवरच वकील गाठा. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणणारे खोलीत दहा भेटतील, त्यातल्या एकाचेही पगार बुडालेले नसतात.

जहाज निसटलं तरी सगळं संपत नाही. पगाराचा हक्क जहाजालाच चिकटून असतो, मालक बदलला तरी, पगार देय झाल्यापासून दोन वर्षं. जहाजाचा लिलाव झालाच तर अशा हक्कांत खलाशांचा पगार पहिला.

ॲग्रीमेंट आणि पगाराच्या हिशोबाची कॉपी उतरायच्या आधी मोबाईलमध्ये घ्या, आणि जहाजाचा सात आकडी आयएमओ नंबर (जहाजाचा कायमचा ओळख नंबर) लिहून ठेवा. नाव पुसून दुसरं रंगवतात, नंबर तोच राहतो. मी फक्त नाव लिहिलं होतं, त्या नावाचं जहाज पुन्हा कुठल्याच बंदरात सापडलं नाही.